दोन रेग्युलेटरांची पेटी

"लहान्या, रविवारी येते का? दोन हातांचं काम आहे," दादा फोनवर म्हणाला.

मी ऑफिसात जेवणाचा डबा उघडून बसलो होतो. घास हातातच राहिला. माझ्या मोठ्या भावाला एकच हात आहे. उजवा मनगटापासून गेला त्याला नऊ वर्षं झाली, आणि या नऊ वर्षांत त्यानं कोणालाही दोन हातांचं काम म्हणून बोलावलं नव्हतं. डाव्या हातानं तो सायकल चालवायला शिकला, कलमं बांधायला शिकला. मदत मागणं त्याच्या स्वभावात नाही.

"कसलं काम?"

"आल्यावर दाखवतो. अन् आयक, तुहा तो जुना बटनवाला मोबाइल असन ना, तो घेऊन ये."

"तो कधीचाच फेकला," मी म्हणालो.

फेकला नव्हता. प्रतापनगरच्या आमच्या फ्लॅटमध्ये, कपाटाच्या खालच्या खणात, लग्नाच्या अल्बमखाली तो पडून होता. बायकोनं दोनदा भंगारात टाकायला काढला, दोन्ही वेळा मी परत ठेवला. का, ते तिला सांगितलं नाही. दादाला तो मोबाइल नऊ वर्षांनी का हवा, हा प्रश्न मला रविवारपर्यंत झोपू देईना. त्याला कळलं असावं, असं माझ्या मनानं घेतलं.

काय कळलं असावं, ते आधीच सांगून टाकतो. लपवायचं म्हणून हे लिहायला बसलेलो नाही.

आमची संत्र्याची बाग नरखेड तालुक्यात आहे. मी शिकून नागपूरला कारकुनीला लागलो, दादानं बाग सांभाळली. त्याचं मला थोडं ओझं होतं, म्हणून पहिल्या बढतीनंतर मी त्याला एक मोबाइल स्टार्टर घेऊन दिला. ही एक लहानशी डबी असते, तिच्यात सिम असतं. विहिरीवरच्या मोटरच्या पेटीत ती बसवायची. मग कुठूनही त्या नंबरवर फोन लावून एक दाबलं की मोटर सुरू, दोन दाबलं की बंद. दादाचा नंबर तिच्यात टाकला आणि हौसेनं माझाही टाकून घेतला.

दादाचा हात गेला त्या सकाळी ऑफिसजवळच्या ठेल्यावर आम्ही चौघे तर्री-पोहे खात होतो. एकानं मला चिडवलं, "हे म्हणे बागाईतदार! ढेकूळ तरी हातात घेतलं का बे कधी?"

मी म्हणालो, "इथं उभ्या उभ्या विहिरीवरची मोटर सुरू करून दाखवू?"

"दाखव ना."

मी फोन लावला, स्पीकरवर टाकला, एक दाबलं. मोटर सुरू झाल्याचं बाईच्या रेकॉर्ड केलेल्या आवाजात ऐकू आलं. तिघांनीही टाळ्या वाजवल्या. मी एका मिनिटानं दोन दाबलं आणि पोहे संपवले.

त्याच वेळी तिकडे दादानं लाल बटन दाबून मोटर बंद केली होती आणि तो मोटर-पंपाच्या मधल्या कपलिंगचं रबर बदलायला बसला होता. फ्यूज काढायला हवा होता, त्यानं काढला नाही. आमच्याकडे कोणीच काढत नाही. वहिनी त्याचा डबा घेऊन आली होती. पेटीशेजारच्या खुंटीला तिनं डबा टांगला. आणि मोटर फिरली.

संध्याकाळी नागपूरच्या दवाखान्यात सगळे जमले. मोटर आपोआप कशी सुरू झाली, यावर चर्चा चालली होती. वहिनीच्या भावानं मला विचारलं, "तो तुमचा मोबाइलवाला डबा तं नाही ना चालू झाला?"

मी म्हणालो, "त्याचं रिचार्ज कधीचंच संपलं."

वहिनी समोर उभी होती. तिनं माझ्याकडे पाहिलं, मग आईकडे. आई म्हणाली, "मंग डबा टांगताना हिचाच धक्का लागला असन हिरव्या बटनाले." त्यापुढे कोणी शोध घेतला नाही. आठवड्यानं मी गावी जाऊन ती डबी पेटीतून काढून आणली. खराब झाली म्हणून सांगितलं. कोणी काही विचारलं नाही.

त्या दिवसापासून आमच्या घरात एक रीत पडली. आईनं ठरवलं, सुनेनं बोर्डाला हात लावायचा नाही. मोटरच्या नाही आणि घरातल्याही नाही. आधी ते आईच्या धाकानं होतं. पुढे वहिनीनंच ते अंगाला लावून घेतलं. दिवेलागणीला ती दाराशी उभी राहून म्हणायची, "अवो, लाइट लावता का?" दादा शेतात असला तर अंधारात पोळ्या लाटायची. हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. मी उठून दिवा लावला आहे. तोंड उघडलं नाही.

तेव्हापासून मी गावी कमी जाऊ लागलो. गेलो तरी दादाबरोबर एकटा राहणार नाही, याची काळजी घेत असे. मुलीची परीक्षा, ऑफिसचं ऑडिट, कंबरेचं दुखणं, काही ना काही असायचं.

रविवारी मी मोबाइल पिशवीत टाकला. का टाकला, ते आजही सांगता येत नाही. काटोलला बस बदलली आणि साडेदहाला घरी पोचलो.

आई ओट्यावर उन्हात बसून लसूण सोलत होती. "आले नागपूरचे साहेब," ती म्हणाली. "रस्ता सापडला म्हनायचा."

"येतच असतो ना, आई."

"हो, पाहुन्यावानी."

वहिनीनं पाणी आणून दिलं. "जा भाऊजी, ते विहिरीवर आहेत. दोन महिने झाले, घरात कमी अन् त्या खोलीत जास्त. तुम्हीच काही समजावा."

बागेतून जाताना पाहिलं, झाडांवर ताण बसला होता. संत्र्याच्या झाडाला वर्षातून दोनदा फूल येऊ शकतं, पण बागवाला त्यातला एकच बहार धरतो. त्याच्या आधी पाणी तोडायचं, झाड सुकू द्यायचं, पानं पिवळी पडून गळू द्यायची, आणि नेमक्या दिवशी पाणी सोडायचं. मग सगळं झाड एकदम फुलतं. हावरेपणानं दोन्ही बहार धरले तर झाड सलतं, फांद्या शेंड्याकडून वाळत जातात. जानेवारी होता. ताण तोडायचे दिवस आले होते, तरी पाणी सोडलेलं दिसत नव्हतं. दादा अशी वेळ चुकवणारा माणूस नाही. हेही मला खटकलं.

विहिरीवरच्या खोलीचं दार हिरवं होतं.

मी थांबलो. "दादा, दार कधी रंगवलं? निळं होतं ना हे?"

दादा आतून बाहेर आला. माझ्याकडे पाहतच राहिला. "तुले निळं आठवते?"

"निळंच होतं. बाबांनी रंगवलं होतं."

माझ्या मागोमाग जळण गोळा करायला बागेत आलेल्या वहिनीला त्यानं हाक मारली. "अवं, हे दार कोन्या रंगाचं होतं?"

"हिरवं. पहिलेपासून हिरवंच आहे," ती तिथूनच म्हणाली. "आता काय दारही इचारून राहिले का?"

"पाह्यलं?" दादा मला हळू आवाजात म्हणाला. "आई हिरवं म्हनते. सारं गाव हिरवं म्हनते. मले एकट्याले निळं आठवत होतं. मले वाटलं, येडा झालो. तुले काहून आठवते बे?"

उत्तर टाळायला मी आत डोकावलो. तो मला आत घेऊन गेला.

मोटरच्या नव्या पेटीशेजारी, लाकडी टेबलावर, जुनी पेटी उघडी ठेवली होती. तीच, त्या दिवशीची. तिचं पोट रिकामं करून दादानं आत तांब्याच्या तारेची गुंडाळी बसवली होती. ती तारही त्या दिवशीच्याच मोटरची, वाइंडिंग सोडवून काढलेली. वर व्होल्टमीटरचा काटा, बाजूला जुन्या टेलिफोनचा रिसीव्हर आणि समोर, हातभर अंतरावर, सीलिंग फॅनचे दोन गोल काळे रेग्युलेटर.

"हे काय आहे?"

"बहार धरायची पेटी," तो म्हणाला आणि स्वतःच ओशाळून हसला. "हासू नोको. झाडात दोन बहार असतात का नाही? आपन धरतो तो दिसते. दुसरा कुठं जाते? झाडातच राहते ना. दिवसाचंही तसंच आहे. त्या दिवशी मोटर फिरली, हा एक झाला. नाही फिरली, तोही कुठंतरी चालूच आहे. या डाव्या रेग्युलेटरनं तो सापडते. आयकू येते. उजवा फिरवला तं धरता येते."

"धरता येते म्हणजे?"

"म्हनजे मंग तोच आपला."

मी त्याच्याकडे नीट पाहिलं. दाढी वाढलेली, डोळे लाल. पण हाताला कंप नव्हता. त्यानं रिसीव्हर माझ्या कानाला लावला आणि डावा रेग्युलेटर हळूहळू फिरवला. आधी नुसती खरखर. मग काटा थरथरला आणि खरखरीच्या आतून टाळ्या ऐकू आल्या. मोकळ्या, जोरदार, तीन-तीनच्या. आणि पोपटांचा कालवा.

लहानपणापासून तो आवाज मला ठाऊक आहे. दादा बागेतले पोपट असेच उडवायचा. तीन टाळ्या, थांबायचं, पुन्हा तीन. नऊ वर्षांत तो आवाज मी ऐकला नव्हता. एका हातानं टाळी वाजत नाही.

"हे आजचं आहे," दादा म्हणाला. "तिकडचं आजचं."

मी रिसीव्हर खाली ठेवला आणि टेबलाखाली वाकून पाहिलं. पेटीमागे हात घातला. छताचे वासे पाहिले. त्याच्या खिशातला मोबाइल मागून घेतला, तो बंद होता. मला वाटलं, हे जुनं रेकॉर्डिंग आहे. कुठूनतरी वाजवून हा मला मऊ करतो आहे. पुढे काय विचारणार, तेही मला दिसत होतं.

"शोध, शोध," दादा म्हणाला. "म्याही असंच शोधलं होतं."

"मी आहे का तिकडं?" मी उगाच विचारलं.

"तू? तू तं दर रविवारी राहते. आई तुले शिव्या देते, एवढा येते म्हनून. अन् तुही वहिनी मोठ्यानं हासते. असं हासताना म्या तिले..." तो थांबला. "बरं, ते जाऊ दे. काम आयक. सापडते, पन धरता येत नाही. दोन्ही रेग्युलेटर एकाच वेळी फिरले पाहिजेत, हळूहळू, एका मापानं. माह्यापाशी एकच हात. एकदा कोपरानं फिरवून पाह्यला, घसरला. तवाच दाराचा रंग पालटला. एवढंच धरल्या गेलं."

"वहिनीला सांगायचं होतं हात लावायला."

"तिले?" तो म्हणाला. "ती बोर्डाले हात लावते का?"

मी खाली पाहिलं.

"अन् गावातल्याले सांगतलं तं माहा तमाशा होईन. म्हनून तू. पन अजून एक भानगड आहे. नुसता दिवस सापडून भागत नाही. कुठून वळलं, ते ठाऊक पाहिजे. पानी कुठून फोडाचं ते माहीत नसलं तं साऱ्या बागेत चिखल. मी इतके दिवस तिच्या धक्क्यावरच काटा लावत होतो. काटा मागं नेला तं तो दिवसही आयकू येते, लय वेळा आयकला. डबा टांगल्याचा आवाज येते. तिच्या बांगड्या वाजतात. मंग ती बाहेर जाते, चपला आयकू येतात, पार त्या लिंबापर्यंत. अन् मंग मोटर सुरू होते." त्यानं माझ्याकडे पाहिलं. "तिनं नाही दाबलं, लहान्या. नऊ वर्षं म्या तिले एका शब्दानं बोललो नाही, पन मनात धरून होतो. तिनं नाही दाबलं. मंग कोनं?"

खोलीत वाळलेल्या संत्र्याच्या सालीचा वास होता. बाहेर काटक्या मोडल्याचा आवाज झाला. आता सगळं मला स्पष्ट झालं. हात हवा हे निमित्त होतं. पेटी, टाळ्या, दार, जुना मोबाइल, सगळं जाळं. तो माझ्या तोंडून काढून घेणार होता. मला राग आला, खरंच आला. जाळं टाकणाऱ्यापेक्षा आपण बरे, असंही क्षणभर वाटून गेलं.

"तो जुना मोबाइल कशाला मागितला होता?" मी विचारलं.

"त्याचा स्पीकर पाहिजे होता. यातून आवाज बारीक येते." त्यानं रिसीव्हर हलवून दाखवला. "काहून?"

"आणि मला निळं दार का आठवतं, ते तुला माहीत आहे. बोलून टाक ना."

"मी त्याच्यावर इचार केला," दादा म्हणाला. अगदी सरळ, शाळेत गणित समजावताना बोलायचा तसा. "ज्याचा त्या घडीत हात आहे, त्यालेच आठवते. माहा तं गेलाच त्याच्यात. तुही वहिनी हिरवं म्हनते, म्हनजे तिचा नव्हता. अन् तुले आठवते, कारन तू माह्या रक्ताचा आहे. माहं दुखलं तं तुहं दुखलं. दुसरं काय असन?"

त्याचा चेहरा मी शोधत राहिलो. कुठे खोच दिसते का, कुठे ओठ आवळलेले दिसतात का. काही नव्हतं. त्याला काहीच कळलेलं नव्हतं. जाळं नव्हतं. नऊ वर्षं मी एका माणसापासून पळत होतो, आणि तो माणूस माझ्या मागे लागलेलाच नव्हता.

मी पिशवीतून मोबाइल काढून टेबलावर ठेवला. "म्या दाबलं," मी म्हणालो. कितीतरी वर्षांनी आपल्या बोलीतलं 'म्या' माझ्या तोंडात आलं. "नागपुरातून. पोह्याच्या ठेल्यावरून. पोट्टे चिडवून राहिले होते म्हनून. तू तिथं बसला असशीन, हे माह्या ध्यानातही नव्हतं."

दादानं मोबाइल उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाला, "पन त्याचं रिचार्ज तं संपलं होतं."

या नऊ वर्षांत मला कोणी काही म्हणालं असेल, त्यात इतकं लागलेलं दुसरं काही नाही. माझं खोटं त्यानं इतकं जपून ठेवलं होतं की माझ्याच तोंडून ते मोडताना तो ते वाचवायला पाहत होता.

"नव्हतं संपलं. मी खोटं बोललो."

त्यानं डावा हात उचलला. मला वाटलं, मारणार. मारला असता तर बरं झालं असतं. त्यानं तो हात तोंडावरून फिरवला. मग विचारलं, "किती वाजता?"

"काय?"

"किती वाजता दाबलं? नेमकं."

"साडेनऊच्या जवळपास. ऑफिस दहाचं असते."

तो रेग्युलेटरकडे वळला. खांदे ताठ झाले होते. "ठेव हात त्याच्यावर. मी फिरवतो तसा फिरव. फोन लागूच द्यायचा नाही."

मी ताबडतोब हात ठेवला. हेही लिहिलं पाहिजे. दुःखाच्या आत मला सुटका दिसत होती. फोन लागलाच नाही तर दादाला हात येईल, वहिनी दिवे लावेल, आणि मी कधी काही केलेलंच नसेल. कबुली दिल्याला पाच मिनिटं झाली नव्हती, आणि तीही पुसायला मी तयार झालो होतो. काटा उजवीकडे सरकू लागला. रेग्युलेटर बोटांखाली कोमट लागला.

"थांबा."

दारात वहिनी उभी होती. काखेत जळण, पदराला काटक्या अडकलेल्या. ती कधी आली, आम्हा दोघांनाही कळलं नव्हतं.

"म्या सारं आयकलं," ती म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "हे फिरवलं तं काय होईन?"

"माहा हात येईन वं," दादा म्हणाला. "तू बाजूला हो."

"अन् भाऊजी आता बोलले ते?"

"फोनच नाही लागन, तं बोलतीन कायले?"

"पन तुम्हां दोघांले आठवन. दारावानी."

दादानं रेग्युलेटरवरचा हात काढला.

"मलेच नाही आठवन," वहिनी म्हणाली. "अंधारात पोळ्या म्या लाटल्या. तुमच्या बहिनीच्या लग्नात मले मंडपातला पंखा लावू नाही दिला, साऱ्या बाया पाहून राहिल्या होत्या. ते सारं तुम्ही दोघं ध्यानात ठेवसान, अन् मी तिथं दात काढून हासत बसीन. नाही ना जमत."

"तिकडं तू खुश आहे. म्या आयकलं आहे."

"तिकडची खुश आहे तं राहू द्या तिले. मी इथं आहे." तिनं जळण खाली टाकलं. "माह्यावर आळ होता, तो आज उतरला. एक घडीही नाही झाली, अन् तुम्ही दोघं भाऊ तो पुसाले निघाले. मले इचारलं कोनं?"

"माह्या हाताचं काय मंग?" दादा ओरडला. त्याचा असा आवाज मी कधी ऐकला नव्हता. "हात माहा गेला का तुहा?"

"तुमचा गेला," ती म्हणाली. "म्हनून मी नाही म्हनत नाही. पन आदी भाऊजी आईपुढं बोलतीन. मले ते आयकाचं आहे. मंग पाहू."

आम्ही तिघे बागेतून घराकडे निघालो. दादा पुढे, मध्ये मी, मागे वहिनी. वाटेत मला किती प्रकारे बोलता येईल याची मी जुळवाजुळव केली, आणि आईसमोर बसल्यावर त्यातलं एकही वाक्य आठवलं नाही. मी सगळं सांगितलं. ठेला, पैज, टाळ्या, दवाखान्यातलं बोलणं, काढून आणलेली डबी.

आईचा हात लसणावर थांबला. तिनं हातातली पाकळी परडीत टाकली. मग म्हणाली, "तुले काय मालूम होतं का, हा तिथं बसला म्हनून? पोरगं दूर होतं बिचारं. चुकून झालं असन."

चुकून. मला ते एका दमात मिळालं. वहिनीला नऊ वर्षांत मिळालं नव्हतं.

मी म्हणालो, "दाबलं ते चुकून, आई. खोटं बोललो ते चुकून नव्हतं. आणि तू हिला बोर्डाला हात लावू देत नव्हती, तेव्हा मी बसून पाहत होतो. तेही चुकून नव्हतं."

आईनं सुनेकडे पाहिलं. काही बोलली नाही. तिला बोलता येत नव्हतं की बोलायचं नव्हतं, याचा निवाडा मी करू शकत नाही. तिनं सोललेल्या लसणाची परडी वहिनीकडे सरकवली, एवढंच.

वहिनीनं परडी घेतली नाही. ती वळली आणि आलो त्या वाटेनं बागेत परत गेली. आम्ही तिच्या मागे गेलो, दादा आणि मी. ती खोलीत शिरली. टेबलावरच्या पेटीकडे तिनं पाहिलंही नाही. भिंतीवरच्या नव्या पेटीसमोर उभी राहिली. हात वर केला, परत खाली घेतला, लुगड्याला पुसला.

"अवो," ती म्हणाली, पाठमोरीच. "आज ताण तोडाचा का नाही?"

दादा उंबऱ्यावरच थांबला होता. "आठ दिवस झाले, तोडाले पाहिजे होता."

तिनं हिरवं बटन दाबलं. मोटर आधी घुमली, मग धरली. पाइपातून हवा फुसफुसली आणि पाणी धाडकन हौदात पडलं. ती तिथेच उभी राहिली, बोट बटनावर तसंच, जणू सोडलं तर बंद पडेल. दादा दारात उकिडवा बसला आणि डाव्या हातानं डोळे झाकून घेतले. पाणी पहिल्या ओळीत शिरलं. सुकलेली माती ते पिताना आवाज करते.

पेटीचं काय झालं, ते राहिलं. ती अजून तिथेच आहे, पोतं टाकून ठेवलेली. उजव्या रेग्युलेटरची काळी चकती मात्र वहिनीनं त्याच दिवशी उपसून घेतली. ती तिच्या मिसळणाच्या डब्यात असते, हळद आणि मोहरीच्या मधल्या वाटीत. दादा एकदा रागावून मागायला गेला तेव्हा ती म्हणाली, "देईन. माह्या मनात येईन तवा. पन दुसरा हात भाऊजीचा नाही, माहा राहीन." दादा आता मागत नाही. ती देणार की नाही, हे त्यालाही ठाऊक नाही. हाताची आशा त्यानं सोडलेली नाही, आणि ती सोड म्हणायला मला तोंड नाही.

मी आता महिन्यातून दोनदा जातो. गेलो की पहिल्यांदा दाराचा रंग पाहतो, मग दादाची बाही. नागपुरात असताना फोन वाजला तरी धस्स होतं. एखाद्या सकाळी मी उठेन आणि सगळं सुरळीत असेल, आणि ते सुरळीत नव्हतं हे फक्त मला आणि दादाला माहीत असेल. टाळ्यांचं ते रेकॉर्डिंग होतं का, हा संशयही पूर्ण गेलेला नाही. निळं दार मला खरंच आठवतं का, की त्या दिवशी घाबरल्यामुळे आठवलं, हेही मी स्वतःला विचारतो.

मागच्या वेळी झाडं पांढरी झाली होती. घरभर कळ्यांचा वास होता. वहिनी चहा ठेवत होती. अंधारून आलं होतं, तिनं न बोलता हात लांब करून दिवा लावला. मग माझ्याकडे न पाहता म्हणाली, "भाऊजी, मी ते कधी फिरवलं तं मले काही आठवनार नाही ना?"

"नाही."

"तुम्हांले आठवन."

"हो."

"मंग तवाही मले येऊन सांगसान?"

तिथल्या वहिनीवर कसलाच आळ नसेल. दादाचे दोन्ही हात असतील. मी दर रविवारी येणारा दीर असेन, आणि मला तिच्यासमोर बसून, न घडलेल्या गोष्टीची माफी मागावी लागेल.

"सांगीन," मी म्हणालो.

"मी हासीन तुमच्यावर," वहिनी म्हणाली आणि माझ्यापुढे चहा ठेवला.